महाराजांची थाळी

नवरा तुरुंगात सुधारला, असं जो तो सांगू लागला तेव्हा शिंपीणबाई धास्तावल्या. सुधारलेल्या माणसाला घरी पाठवतात. घर म्हणजे एक खोली, शिलाईचं मशीन आणि तो आत गेल्यापासून लागायला लागलेली शांत झोप.

कुलपांमागे कुलपं असलेल्या त्या कडक तुरुंगात नवऱ्याला देव भेटला होता. बाहेर असताना दोघांची तोंडओळखही नव्हती. आता त्याची दाढी छातीवर रुळत होती, सकाळची प्रार्थना तोच सांगायचा आणि पहारेकरीही त्याला 'महाराज' म्हणायचे.

"मी तुला क्षमा केली," जाळीपलीकडून तो म्हणाला.

"मला? अहो, वखार तुम्ही पेटवलीत. आत रखवालदार होता."

"अगं, मनात किल्मिष ठेवू नये."

तुरुंगाच्या साहेबांनी तिला खोलीत बोलावलं. "सुटकेचा विचार चाललाय, बाई. पण तुम्ही ठेवून घेणार असाल तरच. काय बदललाय माणूस! त्यांच्यामुळे मी चहा सोडला."

"साहेब, इथे जेवल्यावर थाळी कोण घासतं?"

"ज्याची त्याने."

"आणि यांची?"

साहेब घुटमळले. "शिष्य घासतात. भांडतात हो त्यासाठी!"

"घरी मी घासायचे. मग बदललं काय?" ती उठली. "स्वतःची घासायला लागले की मला बोलवा."

साहेबांनी शिष्यांना मनाई केली. महाराजांनी रागाने जेवणच सोडलं. न जेवलेली थाळी घासावी लागत नाही. शिष्यांना तो उपवास वाटला, त्यांनी पाया पडून घेतलं. शेवटी भूक देवापेक्षा मोठी ठरली आणि महाराज नळावर उकिडवे बसले.

पुढच्या भेटीला तो तोंड पाडून आला. बोटं भेगाळलेली, नखांत राख.

"शिष्य पांगले," तो कुरकुरला. "नवा आलाय एक. दाढी माझ्याहून लांब."

तिला हसू आवरेना. तो मात्र आपल्या बोटांकडेच बघत होता.

"एवढ्या गार पाण्यात तू रोज कशी गं घासायचीस?"

टोमणा तिच्या जिभेवर तयार होता. तो काही बाहेर पडेना.

दाराशी साहेब थांबले होते. "मग, वर काय कळवू?"

"घेते म्हणा ठेवून," ती पदराने नाक पुसत म्हणाली. "पण दाढी इथेच ठेवून यायचं."