विरलेला वेळ आणि मटारचं टोपलं

डॉक्टर मॅडमनी माझ्या दोन्ही मनगटांवर एकेक घड्याळ बांधलं, तिसरं माझ्या बायकोला, शैलाला दिलं आणि आम्हाला चहा प्यायला पाठवलं. परत आलो तेव्हा शैलाचं घड्याळ बरोबर होतं. माझं डावं पुढे पळालं होतं, उजवं मागे राहिलं होतं. मॅडम शांतपणे म्हणाल्या, "देशपांडेजी, आपको क्रोनोपीनिया है."

क्रोनोपीनिया म्हणजे वेळ विरळ होणं. वापरून वापरून धोतर विरतं, तसा या आजारात माणसाभोवतीचा वेळ विरतो. आधी झिरझिरीत होतो, मग त्याला भोकं पडतात. त्या भोकातून कधी घटकाभर, कधी अख्खा दिवस गळून जातो. तुमच्यापैकी कुणाला हे निदान नुकतंच कळलं असेल, तर धीर सोडू नका. मी सोडला होता, म्हणून सांगतो.

लक्षणं आधीपासून होती. इथे हिंदी मुलखात, माधवगंजातल्या शाळेत मी खेळाचा मास्तर. शर्यतीची शिट्टी वाजवावी, तर मुलं पळून, पाणी पिऊन परतही आलेली. घरी गॅसवर दूध ठेवून वळलो की त्यावर गार साय. शैला माझ्या विनोदावर मी तो सांगायच्या आधी हसायची, पण त्यात आम्हाला काही वावगं वाटलं नाही. "तुमचे विनोद लग्नापासून पाठ आहेत मला," ती म्हणायची.

मग एका दुपारी मी ओसरीत खुर्चीवर बसून गॅस सिलेंडरवाल्याची वाट बघत होतो. डोळ्याचं पातं लवलं, आणि समोर शैला रडत उभी, मागे सगळा मोहल्ला. दुसरा दिवस उजाडला होता. तोवर खुर्ची रिकामी होती म्हणे. शेजारच्या शिंदे की छावनी वस्तीतली पोरं मला स्टेशनपर्यंत शोधून आली होती.

तपासणीचं नाव मोठं होतं, टेम्पोरल डेन्सिटी टेस्ट. प्रत्यक्षात नळाचा थेंब पडताना बघायचा आणि पडला की 'हां' म्हणायचं. माझा 'हां' कधी थेंबाआधी, कधी नंतर. मॅडमनी कागद बघून सांगितलं, "अकेले इंतज़ार मत कीजिए. एकट्याने वाट बघताना वेळ सगळ्यात पातळ होतो." औषध म्हणजे को-टायमिंग. हाताने, सावकाश, दुसऱ्याच्या सोबतीने काम करायचं. मी त्याला रफू म्हणतो.

रफूचा वर्ग दवाखान्याच्या गच्चीवर, कोवळ्या उन्हात भरायचा. तिथे दाना ओली मोहल्ल्यातल्या कमलताई भेटल्या. हा आजार त्यांचा जुना सोबती. पहिल्याच दिवशी त्यांनी विचारलं, "भाऊ, तुम्ही कल आला होता की कल येणार आहात?" हिंदीत दोन्हीला कलच! मी इतक्या दिवसांत पहिल्यांदा मोठ्याने हसलो, आणि बरोबर वेळेवर हसलो.

घरीही आम्ही रफू सुरू केला. शैला आणि मी समोरासमोर बसून मटार सोलायचो, मेथी निवडायचो, वाती वळायचो. आयुष्यभर मी शाळेकडे पळत होतो, ती घड्याळाकडे बघत डबा भरत होती. आता दुपारभर गप्पा. तिला लहानपणी पोहायला शिकायचं होतं, हे मला तेव्हा कळलं.

हिवाळ्यात आमची मृणाल पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली. मला एकच धास्ती, बाळ येईल आणि मी भोकात असेन. कळा सुरू झाल्या तेव्हा तिला त्याच दवाखान्यात नेलं, शैला तिच्यासोबत आत गेली. जावई अभय भिंडहून निघाला होता. मी बाहेरच्या बाकावर एकटा. भिंतीवरच्या घड्याळाचा काटा थरथरू लागला, समोरचा माणूस दोनदा त्याच दारातून गेला. मी घाबरून कमलताईंना फोन लावला.

त्या आल्या त्या एकट्या नव्हेत. गच्चीवरची अर्धी मंडळी आणि मटारचं भलंमोठं टोपलं. "सोला," त्या म्हणाल्या.

आम्ही कॉरिडॉरमध्ये मांडी घालून बसलो. सिस्टर धावत आल्या, "ये क्या सब्ज़ी मंडी लगा रखी है?"

कमलताईंनी जागा करून दिली. "बैठो बेटी, आजोबांना सांभाळतोय."

सिस्टर कपाळाला हात लावून हसल्या आणि खरंच थोडा वेळ टेकल्या. अभय पोचला तो बॅग खांद्यावरच ठेवून सोलायला बसला. घाबरलेला जावई निम्मे दाणे सालींत टाकत होता. मला प्रत्येक शेंग आठवते. किडकी, पोचट, टच्च भरलेली. एकही क्षण गळला नाही.

तेवढ्यात आतून रडणं ऐकू आलं. मी अभयकडे बघितलं, त्याने माझ्याकडे. दोघांनी एकाच वेळी ऐकलं होतं.

"पापाजी!" एवढंच तो बोलला आणि माझ्या गळ्यात पडला. टोपलं लवंडलं, दाणे दवाखानाभर पसरले. मुलगी झाली होती.

आजार अजून आहे, पण भोकं भरत आलीत, असं मॅडम म्हणतात. ज्यांनी मला त्या दिवशी धरून ठेवलं, त्यांचे आभार कसे मानू? तुम्हाला इतकंच सांगतो, सोबत मागायला लाजू नका.

नात आता पावलं टाकते. ओसरीपासून फाटकापर्यंत जायला तिला अख्खी सकाळ लागते. वाटेत मुंगी, खडा, वाळकं पान, सगळं थांबून बघायचं असतं. मी तिचं बोट धरून चालतो, आणि मला कुठेही पोचायची घाई नसते.