सुनंदाताईंची बदली

काल सुनंदाताईंना बदलीचं सांगायचंच, असं ठरवून मी सेंटरला पोचलो... आणि संध्याकाळी घरी आलो तेव्हा नक्की काय झालं हेच मला कळेना. म्हणून तुम्हाला सांगतो.

धंतोलीत आमचं रक्त-लघवी तपासणीचं सेंटर आहे, मी तिथला मॅनेजर. सुनंदाताई रिसेप्शनवर, माझ्याही आधीपासून. कामाला वाघ, पण काहीही बदललं की यांची कुरकुर सुरू... नवा युनिफॉर्म आला तर रंग मळखाऊ नाही, काउंटर सरकवलं तर ऊन येतं, एसी लावला तर गुडघे दुखतात.

मध्यंतरी टोकन मशीन आणली. तेव्हापासून रोज सकाळी चहाआधी माझ्या केबिनमध्ये हजेरी. "सर, माणसाले नंबरानं काहून बोलवायचं? जेल आहे का हे?" मग बाकीच्या मुलीही तोच सूर लावू लागल्या.

शेवटी सेंटरचे मालक डॉक्टर म्हणाले, ताईंना शहराच्या दुसऱ्या टोकाला, जरीपटक्याच्या ब्रँचला पाठवा. ताईंचं घर इथून पायी जाण्याजोगं, दुपारी जाऊन अंथरुणाला खिळलेल्या सासूला भरवून येतात. तिकडून ते जमणार नव्हतं, मला ठाऊक होतं. पण माझंही डोकं आऊट झालं होतं...

सांगायला बाहेर आलो, तर कुही गावाकडचे एक काकाजी काउंटरवर तावातावाने भांडत होते. "काहून वं बाई, पैले नाव घेऊन बोलवत होते. आता ही मशीन कायले लावली?"

मी मनात म्हटलं, झालं... आता दोघं मिळून मशीन उचलून फेकतात!

तर ताई एकदम शांत. "काकाजी, मशीन चांगली आहे. मधात कोणी घुसत नाही. बसा तुमी, नंबर आला का मी आवाज देते." वर त्यांना टोकनवरचा नंबरही वाचून दाखवला.

मी चाटच पडलो. काकाजी जाऊन बसल्यावर विचारलं, "अहो ताई, मग माझ्याकडे रोज त्या मशीनच्या नावानं शिमगा कशासाठी?"

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मीच खुळ्यासारखं बोललो. "तुमाले नाही सांगू तं कोणाले सांगू, सर? घरचं गाऱ्हाणं घरातच सांगते ना माणूस. पेशंटसमोर आपल्याच दुकानाले नावं ठेवू का?"

मी "बरं" म्हणून परत फिरलो. डॉक्टरांना फोन केला, बदली राहू द्या म्हटलं. त्यांनी कारण विचारलं... मला धड सांगता येईना.

खरं सांगू? ताई मला समजल्या असं अजूनही वाटत नाही. बाकीच्या मुलींना काय सांगायचं, तेही कळत नाही. आपल्याला कुणी घरचं मानतंय, हे सगळ्यांना असं डोकं उठल्यावरच कळतं का हो?

आज सकाळी ताई पुन्हा दारात. नव्या पेनांची शाई फिकी आहे म्हणे... मी लॅपटॉप मिटला आणि म्हटलं, "या, बसून सांगा."