गारपगाऱ्याच्या वाट्याचा मार

आभाळ काळं झालं की तो पहिलं काम करायचा ते मारुतीला चापट मारायचं. मारुतीला! आणि तीही देवाला लावतात तशी हळू नव्हे, चोराला लावतात तशी.

"ऊठ! निजायला बसवलाय का तुला हितं? पाव्हणे आले!"

पाव्हणे म्हणजे गारा. पिढ्यान् पिढ्यांच्या या चापटांनी मारुतीच्या डाव्या खांद्यावरचा शेंदूर खोलगट झाला होता, त्यात अर्धा कप चहा सहज मावला असता. मग तो देवळाबाहेर येऊन पारावर चढायचा, डोक्याचा पटका काढून फेकायचा, आज्याची तलवार आभाळाकडं रोखायचा आणि ओरडायचा, "आधी मला! आधी मला, मंग गावाला!"

मी पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा टेंभुर्णीच्या बाजूला कृषी सहायक म्हणून नुकताच हजर झालो होतो. मला वाटलं, गावात खून पडतोय. मोटारसायकल तशीच सोडली आणि जवळच्या पिठाच्या गिरणीत घुसलो. अर्ध्या तासानं पिठानं पांढराफटक होऊन बाहेर आलो, तर तो पारावर बसून बिडी ओढत होता.

"गार मी गावाबाहेर थोपवली," तो म्हणाला, "मंग ती एकट्या तुमच्यावर कशी पडली, साहेब?"

ती तलवार इतकी गंजलेली होती की तिनं वांगं कापायचं म्हटलं तरी वांग्याची परवानगी काढावी लागली असती. पण तिच्यासमोर ढग बिचकायचे. मी स्वतः पाहिलंय. मी खोटं बोलत नाही, फक्त थोडं वाढवून बोलतो. आमच्या खात्याची सवय आहे.

त्याचा हुद्दा गारपगारी. कुठल्याही भरतीच्या जाहिरातीत तुम्ही हा शब्द वाचला नसेल. शाळेतले गुरुजी फोड करून सांगायचे, की आभाळातली गार अडवायची आणि त्याबद्दल गावानं खळ्यावर सुपानं धान्याचा पगार घालायचा, तो गारपगारी. तालुक्याला एका नव्या कारकुनानं त्याचा दाखला वाचून विचारलं होतं, "गार पगार? म्हणजे पगार उशिरा मिळतो का हो?"

"पगाराचं माहीत न्हाई," हा म्हणाला, "मार मात्र जल्दी मिळतो."

कारकून हसला. पण तो विनोद नव्हता.

"गुरुजीचं अर्धंच बराबर हाये," एकदा पारावर त्यानं मला समजावलं. "लई मागं ह्या गावावर गार पडली. रान झोपलं. मंग लोकं एकमेकांवर उठले. ह्यो म्हने तुझ्या पापानं पडली, त्यो म्हने तुझ्या. भावानं भावाला कुऱ्हाड घातली. तवा आमचा मूळपुरुष मधी हुभा राह्यला. म्हने, कोनाला तरी मारायचंच हाये ना? मंग मला मारा. पन गार अडवायचं काम बी मलाच द्या. गार न्हाई पडली तर पहिलं सूप माझं. पडली तर पहिली काठी माझी. असा ह्यो हुद्दा हाये, साहेब."

त्याच्या आज्याचा उजवा हात गावानं मोडला होता. पुढच्या साली रान वाचलं, तर त्याच वाकड्या हातात त्याच लोकांनी पहिलं सूप दिलं. बापाचे पुढचे दोन दात गेले होते. हे सगळं तो अशा थाटात सांगायचा, जसं दुसऱ्या कुणी आजा पाटील होता म्हणून सांगावं.

त्याच्या स्वतःच्या भुवईवर एक जुना व्रण होता. एका वर्षी त्यानं म्हणे इतक्या जोरानं तलवार फिरवली की आमच्या गावावर आलेली गार वळून नदीपलीकडच्या गावात पडली. दुसऱ्या दिवशी तिकडचे चाळीस जण काठ्या घेऊन आले. (तो चाळीस म्हणायचा. मी मोजले असते तर ऐंशी भरले असते.) "आमच्यावर कामून हाकलली बे?" म्हणून त्यांनी त्याला गावाच्या वेशीत बडवला. त्या व्रणाला तो दर आंघोळीनंतर खोबरेल लावायचा.

"पदक हाये," म्हणायचा. "दुसऱ्या गावानं दिलेलं."

आमच्या दोघांत एक चढाओढ होती. माझं काम गार पडल्यानंतरचं, पंचनाम्याचं. त्याचं गार पडायच्या आधीचं. माझ्या मोबाइलवर इशारा यायचा, त्याच्या डाव्या गुडघ्यात यायचा. बहुतेक वेळा गुडघा पुढं असायचा, कारण त्याला रेंज लागत नव्हती.

आणि मग ते साल आलं. गहू पिवळा पडला होता. शेडनेटमध्ये बियाण्याची मिरची लटकली होती. दुपारी तीनला आभाळ असं काळं-हिरवं झालं, जसं एखाद्यानं डोळ्यावर बुक्की खावी. मी नेमका गावात होतो. तो आला, मारुतीला एक नव्हे, तीन चापटा हाणल्या आणि मला म्हणाला, "साहेब, तुमी आत बसा. देवाच्या मागं."

मी बसलो. लाज कशाला वाटू द्यायची?

पहिली गार मोटारसायकलच्या टाकीवर पडली आणि टाकीला खड्डा पाडून उसळली. पुढं काय झालं ते शब्दांत सांगायचं तर मला ते शब्द दगडावर आपटून सांगावे लागतील. पत्रे फुटत होते. लिंबाच्या फांद्या कडाकड तुटत होत्या. दावणीला बांधलेल्या शेळ्या ओरडत होत्या, मग एकेक करून गप्प होत होत्या. गारा लिंबाएवढ्या होत्या असं मी पंचनाम्यात लिहिलं. इथं तुम्हाला खरं सांगतो, नारळाएवढ्या होत्या. आणि त्या माऱ्यात पारावर तो उघड्या डोक्यानं उभा होता. खांद्यावर, कपाळावर, छातीवर गारा आदळत होत्या. तलवारीचं पातं मुठीपासून मोडून पडलं, तरी तो मूठ उगारून ओरडत होता.

"आधी मला! मला मार ना! गावाला कामून मारतो?"

तेवीस मिनिटं. मग एकदम शांत. पाराभोवती पांढरा चिखल साचला होता, आणि त्यात पोपट मरून पडले होते, हिरवेगार, जणू कुणी मुद्दाम पेरलेत.

तो खाली बसला. डोक्यातून रक्त वाहत होतं. ते पुसायच्या आधी त्यानं मोडकी मूठ समोर ठेवली, पाठीवरचा सदरा वर केला आणि पाठ गावाकडं केली.

"आता येतील," तो म्हणाला.

"कोण?"

"गाव."

गाव आलं. पण त्याला वळसा घालून माझ्याकडं आलं. "साहेब, आधी आमच्या रानात चला." "साहेब, फोटो आमचा काढा, त्याचं तर निम्मं आधीच वाळलं होतं." सरपंच तेवढा त्याच्यापाशी थांबला. भला माणूस. खाली वाकून म्हणाला, "बुवा, दवाखान्यात चला. तुमचा काय दोष यात? हवामानच बदललंय. जगात सगळीकडं हेच चालू हाये."

गारांनी जे झालं नव्हतं ते त्या वाक्यानं झालं. त्याचा चेहरा पडला. तो म्हातारा आहे हे मला त्या दिवशी कळलं.

"माझा दोष न्हाई?" तो पुटपुटला. "मंग मी कोन हाये?"

तो तिथून उठला नाही. डोक्याला आम्ही फडकं बांधलं, ते त्यानं बांधू दिलं, पण भाकरीला शिवला नाही. तीन दिवस. येणाऱ्या-जाणाऱ्याला म्हणायचा, "मार की रं एक." लोक त्याच्या पाया पडून पुढं जायचे. एकानं तर बिस्किटाचा पुडा ठेवला.

आणि इकडं मूळपुरुषाची गोष्ट माझ्या डोळ्यांदेखत पुन्हा सुरू झाली. पंचनामा कुणाचा आधी, यावरून पहिल्या दिवशी शिवीगाळ झाली. दुसऱ्या दिवशी दोन भाऊबंदांनी एकमेकांचे सदरे फाडले. तिसऱ्या दिवशी सकाळी बांधावर सख्ख्या भावानं भावाच्या डोक्यात फावड्याचा दांडा घातला. त्याला टेंभुर्णीला नेणारी जीप पाराजवळून गेली, तेव्हा आमचा गारपगारी जीपमागं चार पावलं धावला.

"आरं, मला मारा ना!" तो ओरडला. "मी कशाला बसलोय हितं?"

तिसऱ्या दिवशी दुपारी गयाबाई आली. ही एकटी बाई, दोन एकराची मालकीण, जिभेनं बाभळीची साल काढील अशी. तिच्या अकरा शेळ्या मेल्या होत्या. तीन दिवस ती खड्डे खणून त्या पुरत होती, म्हणून यायला उशीर. हातात शेळ्या हाकायची काठी होती.

"का रं गारपगाऱ्या," ती लांबूनच ओरडली, "कुठं मेल्तास?"

त्याचे डोळे लकाकले. "हितंच व्हतो, गयाबाई."

"हितंच व्हता? आन् गार माझ्या गोठ्यावर? तुझा बाप बरा व्हता, दात पाडून घेतले पन दोन साल गार येऊ न्हाई दिली! पगाराला पुढं, आन् कामाला?"

आणि तिनं काठी घातली. पहिली पाठीत, दुसरी दंडावर, तिसरी पुन्हा पाठीत. मी मध्ये पडायला गेलो, तर त्यानंच मला ढकललं. दर काठीला ती एका शेळीचं नाव घेत होती. चंद्री. काळी. लंगडी. तो प्रत्येक नावाला "व्हय" म्हणत होता. सगळं गाव गोळा झालं. ज्यांचे सदरे फाटले होते ते दोघं शेजारी शेजारी उभे होते. अकरावं नाव घेतलं तोवर तिचाच हुंदका फुटला. आणि मी खोटं सांगत नाही, सबंध गाव तिच्याबरोबर रडलं. तीन दिवसांत पहिल्यांदा.

तो मात्र हसत होता. सुजलेल्या तोंडानं माझ्याकडं वळून म्हणाला, "बघा साहेब! हाये मी अजून!"

गयाबाईनं काठी टाकली, त्याच्या दंडाला धरून उठवलं. "चल. भाकर खा आधी. उपाशी माणसाला मारलं तर पाप लागतं, म्हायत न्हाई का तुला?"

त्या दिवसानंतर बांधावर कुणी कुणाला हात लावला नाही. पंचनामे दोन दिवसांत उरकले. ते सरकारनं माझ्या नावावर लिहिलं.

पोळ्यानंतर तो गेला. झोपेतच. त्याला त्या मरणाची लाज वाटली असती. मुलगा जालन्याला सळयांच्या कारखान्यात आहे, तो दहावं करून परत गेला. मारुतीच्या खांद्यावर शनिवारी-शनिवारी शेंदूर चढत गेला आणि तो खळगा भरून आला.

यंदा पुन्हा गार पडली. फार नाही, अंगठ्याएवढी. (हे खरं माप.) मी दुसऱ्या दिवशी गावात शिरलो, तर दोन ठिकाणी भांडणं लागलीच होती. पाराकडून मात्र वेगळाच आवाज येत होता, ठप्, ठप्, जसं कुणी वाकळ बडवतंय.

गयाबाई होती. रिकाम्या पाराच्या दगडावर, जिथं तो बसायचा, तिथं काठी घालत होती.

"कुठं मेलास रं? आँ? कुठं मेलास?"

मला राहवलं नाही. मोबाइल खिशात टाकला आणि त्या जागेवर, तिच्याकडं पाठ करून बसलो. काठी थांबली. मग माझ्या खांद्याला काठीचं टोक लागलं, हळूच, जसं शेळीला बाजूला करावं.

"ऊठ, साहेब," ती म्हणाली. "ती जागा त्याची हाये."

मी उठलो. ती पुन्हा मारू लागली.