मधली भिंत

टेस्फाये गेल्याची बातमी मला भिंतीनं दिली. सकाळी चहा ओतत होतो, तर पलीकडून धाडधाड बुक्के बसायला लागले. त्याची बायको अल्माझ दोन्ही मुठींनी भिंत बडवत होती. माझ्या बाजूचं प्लास्टर निखळून कपात पडलं. धावत गेलो. तो खुर्चीत बसल्या बसल्या गेला होता... हृदय बंद पडलं. अल्माझ आता स्वतःची छाती बडवत होती, त्यांच्यात तशी रीतच आहे. मला मात्र त्याचाच राग आला. मेल्यानं साधं कण्हूनसुद्धा दाखवलं नाही!

राग का, ते सांगतो. मी रत्नागिरीकडचा, चौथी शिकलेला खलाशी. विलायतेत कार्डिफला जहाज सोडलं आणि इथलाच झालो. टेस्फाये इथिओपियाचा. तिकडच्या तुरुंगात तळव्यांवर मार खाऊन आलेला, म्हणून फेंगडा चालायचा. आमची घरं एकाला एक चिकटलेली, मधली भिंत पापडासारखी. माझ्या स्वयंपाकघराच्या दारात पायरी वर आलीय. तिथं ठेच लागून मी ‘आई गं!’ ओरडलो की पलीकडून आवाज यायचा, ‘इनेन!’ म्हणजे अम्हारिकमध्ये ‘मला’. तुझं दुखणं मला येवो. त्यांच्याकडे माया अशी करतात. मला ते खपायचं नाही. माझी ठेच माझी, त्यात वाटेकरी कशाला? ‘मेल्या, आपले पाय बघ आधी!’ मी इकडून ओरडायचो. आम्हा कोकण्यांची माया शिवीतून जाते, त्याला काय करणार. बायकोला तो ‘होदे’ म्हणायचा, म्हणजे ‘माझं पोट’. मी म्हटलं, ‘आमच्या हिला पोट म्हटलं असतं तर लाटणंच बसलं असतं.’ तो हसला आणि खांद्यावर असा खांदा आपटला की माझा हात दोन दिवस वर होईना. भेटायचीसुद्धा त्याची ती रीत.

टीव्हीवर इराकची लढाई चालू होती तेव्हाची गोष्ट. भर दुपारी कोपऱ्यावर दोन प्यायलेल्या पोरांनी मला गाठलं. ‘पाकी’ म्हणून शिवी दिली, आपल्या देशात जा म्हणाले. मी मराठीतून त्यांचा बाप काढला. शब्द कळले नसतील, सूर कळला. पहिली लाथ पोटात बसली, मी ‘आई गं!’ ओरडलो, आणि हा फेंगडा मोजे घालून तसाच रस्त्यावर आला. ‘इनेन!’ ओरडत मधे घुसला. एकानं माझ्यासाठी उचललेली बाटली त्याच्या डोक्यावर फुटली. गरम रक्त माझ्या तोंडावर आलं. मग मी हातातली काठी मोडेपर्यंत त्या पोराला हाणला, त्याचा दात रस्त्यावर पडलेला पाहिला, तरी हात थांबेना. आजही पस्तावा नाही.

हॉस्पिटलात त्याला टाके घातले. मी कॉटशेजारी उभा राहून ओरडलो, ‘तुला कुणी सांगितलं मधे पडायला?’

तो म्हणाला, ‘तू आईला हाक मारलीस. आई लांब. मी शेजारी.’

मेल्या म्हटलं आणि बाहेर येऊन बसलो.

आता ठेच लागते, ओरडतो... पलीकडे गप्प. मग त्याच पायरीला दुसरी लाथ घालतो. लंडनजवळच्या पिनरहून मुलगा फोन करतो, ‘बाबा, ती स्टेप डेंजरस आहे, मी बिल्डर पाठवतो.’ पाठव म्हटलं, दारातूनच परत धाडतो.

गेल्या रविवारी पलीकडे भांडं आदळलं आणि अल्माझ किंचाळली. उकळतं कालवण हातावर सांडलं होतं, ते नंतर कळलं. मी कसा उठलो ठाऊक नाही. भिंतीवर असा बुक्का हाणला की बोटांची सालं निघाली, आणि तोंडातून आलं, ‘इनेन!’

तिकडून तिचा आवाज आला, रडत की हसत कळेना. मला ती आबाबा म्हणते, म्हणजे बाबा.

‘आबाबा, हळू! भिंत पडेल!’

पडू दे मेली, म्हटलं.