दहावा माणूस

अमेरिकेत, श्रूजबरीत, मी लेकीकडे राहते. शेजारी एक काका आहेत, ज्यू, अलिबागकडचे. त्यांचा तेलाचा घाणा शनिवारी बंद असायचा, म्हणून गावात त्यांना शनिवार तेली म्हणत. मराठी माझ्यापेक्षा चांगलं बोलतात. मी चौथीपर्यंतच शिकले.

शनिवारी ते गाडीत बसत नाहीत, फोनला हात लावत नाहीत. चालत प्रार्थनेला जातात. दहा पुरुष जमल्याशिवाय त्यांची पुरी प्रार्थना होत नाही, आणि इथे मोजून दहाच होते.

तीन शनिवार त्यांच्या हॉलसमोर एक करडी गाडी उभी राहिली. आतला माणूस येणाऱ्याजाणाऱ्यांचे फोटो काढायचा. मग दाराखालून चिठ्ठी आली, पुढच्या वेळी नुसते फोटो काढणार नाही. पोलिसांनी लिहून घेतलं आणि गेले.

चौथ्या शनिवारी सकाळी मी काकांच्या दारात उभी राहिले. "आज जाऊ नका."

"मी नाही गेलो तर नऊच उरतात." ते बूट घालत होते. "सातशे वर्षांपूर्वी जर्मनीत आमचे एक गुरू होते. तालमूद, म्हणजे आमचं धर्मशास्त्र, त्यांच्याइतकं कुणाला येत नव्हतं. राजानं त्यांना बुरुजात कोंडलं. लोक पैसे भरून सोडवायला निघाले, तर म्हणाले, देऊ नका. दिलेत तर उद्या प्रत्येक गुरूला धरतील."

"मग?"

"आत बसून लोकांच्या शंकांना उत्तरं लिहीत राहिले. तिथेच मेले. मढंसुद्धा कित्येक वर्षं दिलं नाही."

"घराबाहेर पडताना छान गोष्ट सांगितलीत."

"'मग?' असं तुम्हीच विचारलंत, बाई."

मी सोबत गेले. गाडी नव्हती. मला ते बरं वाटलं नाही. दिसली असती तर कुठे आहे ते तरी कळलं असतं.

हॉलमध्ये काकांना धरून नऊ म्हातारे. "दहावी मी बसते," मी म्हटलं.

"बायका मोजत नाहीत."

"मग बसा वाट बघत."

बेल वाजली. कुणी हललं नाही. काका हळूच म्हणाले, "आमच्यातलं कुणी शनिवारी बेल दाबत नाही."

पुन्हा वाजली. मी उठून दार उघडलं. दहाव्याची अमेरिकन सून होती, गाडी चालूच ठेवून आलेली. सासरे आता येणार नाहीत, यापुढेही नाही, एवढं इंग्रजीत बोलून गेली. आत पाहिलंसुद्धा नाही.

नऊ जणांनी पुस्तकं उघडली आणि दहांशिवाय जेवढं म्हणता येतं तेवढं म्हटलं.

पुढच्या शनिवारी काका पुन्हा प्रार्थनेला निघाले. मी अडवलं नाही. त्या दिवशी सातच आले.