मढच्या बंगल्यातली खडूची रेघ

वर्सोव्याला वाळत घातलेल्या बोंबलांचा वास आला की मला अजून खाडीपलीकडचा, मढचा तो शूटिंगचा बंगला आठवतो. साल पंच्याऐंशीच्या आसपासचं. घरातला मी पहिला पदवीधर आणि चार वर्षं शूटिंगवर क्लॅप देणारा सहाय्यक. एक तरी शॉट स्वतः घ्यायला मिळावा, एवढीच इच्छा होती.

त्या दिवशी दिग्दर्शकसाहेबांना ताप होता. "जेवणाच्या टेबलाच्या सीनमधला नवऱ्याचा शॉट झालाय, समोरच्या बायकोचा तू घे," ते मला म्हणाले. मी कॅमेरा लावला. महिन्यापूर्वी आलेला, सिनेमाचं रीतसर शिक्षण घेतलेला देवदत्त हळूच म्हणाला, "अरे, इथून घेतलास तर समोरासमोर बसलेले दोघं पडद्यावर एकाच दिशेला बघताना दिसतील." त्याने फरशीवर एका खुर्चीपासून दुसरीपर्यंत खडूने रेघ ओढली. "कॅमेऱ्याने ही ओलांडायची नाही."

साहेबांनी खुर्चीतूनच पाहिलं आणि शॉट त्याला दिला. त्याच्या बोटांवरचा खडूसुद्धा मला बघवेना.

चहा पिताना तो सांगू लागला, अमेरिकेत विद्यापीठात सिनेमा शिकलेल्या तरुण पोरांनी तिथल्या स्टुडिओंची सगळी रीतच बदलून टाकली.

"सिनेमा काय कॉलेजात शिकतात?" मी म्हणालो.

"शिकतात यार. रविवारी कांदिवलीला माझ्या घरी ये ना, माझ्या वह्या दाखवतो."

"वेळ नाही रे."

वेळ होता. रविवारभर मी खोलीवर पडून होतो. गावच्या मास्तरांनी दिलेलं प्रत्येक पुस्तक मी दोन्ही हातांनी घेतलं होतं. शिकवणाऱ्याला नाही म्हणालो ते आयुष्यात त्या एकदाच, कारण तो माझ्याहून दोन वर्षांनी लहान होता.