आधी धुतलेले हात

तायडे सिस्टर पेशंटला हात लावण्याआधी हात धुवायच्या. यात नवल नाही, नवल होतं ते त्या कुठे धुवायच्या याचं. पाण्याचं भांडं आणि साबण ठेवलेलं स्टँड त्यांनी पडद्यामागून काढून थेट दारात आणून ठेवलं होतं. बाकावर बसलेल्या प्रत्येकाला ते दिसायचं. हात धुऊन झाले की शाळेतली मुलं बाईंना नखं दाखवतात तसे दोन्ही तळवे पेशंटपुढे धरायच्या, मग उलटे करून दाखवायच्या. "पाह्यले? आता सांगा, काय होऊन राह्यलं?"

पहिल्या दिवशी मला हा देखावा वाटला. स्टँड येण्याजाण्याच्या वाटेत होतं, आणि आमच्या कॉलेजच्या दवाखान्यात ते पडद्यामागेच असायचं. मी ते उचलून मागे ठेवलं. दुसऱ्या दिवशी सकाळी ते पुन्हा दारात होतं. माझ्या तपासणीच्या खोलीत मात्र मी माझं वेगळं भांडं खिडकीपाशी ठेवलं.

ही सत्तरच्या दशकातली, बहात्तरचा दुष्काळ सरल्यानंतरची गोष्ट. डॉक्टरकीच्या शेवटच्या परीक्षेनंतर इंटर्नशिपचे काही महिने खेड्यातल्या आरोग्य केंद्रात काढावे लागत. माझ्या वाट्याला वाशीमकडचं एक गाव आलं. गावाचं नाव लिहीत नाही, तिथली माणसं अजून आहेत. जऊळक्याला आगगाडीतून उतरायचं आणि पुढे एस.टी.ने जायचं. केंद्र तीन खोल्यांचं. मोठे डॉक्टर आठवड्यातले निम्मे दिवस मीटिंगांना आणि शिबिरांना गेलेले असत. उरलेले दिवस मी, तायडे सिस्टर आणि बाहेरचा बाक.

मी इंग्रजी शाळेत शिकले. घरात मराठी होती, पण परक्या माणसासमोर मला कुठलीच भाषा सुचत नसे. तोंडी परीक्षेत माझे गुण नेहमी कमी. पेशंट आला की मी तपासायची, लिहायची आणि चिठ्ठी पुढे करायची. कमी बोलण्याने कुणाचं काही बिघडत नाही, अशी माझी समजूत होती.

सिस्टर पंचेचाळिशीच्या, काटकुळ्या. पांढरं लुगडं धुऊन धुऊन पिवळसर झालेलं, त्यावर उलटं लावलेलं घड्याळ. आसेगावच्या बाजूचं त्यांचं माहेर. छप्पन साली घरच्या सगळ्यांबरोबर नागपूरला जाऊन दीक्षा घेतली आणि त्यानंतर नर्सिंग शिकल्या. हे मला त्यांच्याकडून नाही, बाकावरच्या बायकांकडून कळलं. बौद्धपुऱ्यातल्या एक-दोघींना वाटायचं, आपलीच बाई आहे, आपल्याला आधी घेईल. त्यांना त्या म्हणायच्या, "घरी या, चहा पाजतो. इथं नंबर."

नंबर म्हणजे पुठ्ठ्याचे चौकोनी तुकडे, त्यांवर शाईने आकडे. एकदा गावातले एक मोठे शेतकरी थेट आत आले. मागे त्यांचा गडी छत्री धरून होता.

"सिस्टर, वळख हाय ना आपली?"

"हाय ना मालक. तुमचा नंबर सातवा हाय, हे बी वळखतो. बसा."

मालक बसले. त्यांच्या शेजारी त्यांच्याच शेतात निंदायला जाणारी बाई सहावा नंबर घेऊन बसली होती. तिने अवघडून तो पुठ्ठा त्यांच्यापुढे केला. आतून सिस्टर न बघताच म्हणाल्या, "शेवंता, थो तुहा ताप हाय, दुसऱ्याले नोको देऊ." बाक हसला. मालकही हसले.

इंजेक्शनच्या काचेच्या सिरिंज आणि सुया तेव्हा स्टोव्हवर उकळाव्या लागत. सिस्टर पाण्याला उकळी फुटल्यापासून घड्याळ बघायच्या आणि वीस मिनिटं म्हणजे वीस मिनिटं. पोहरादेवीच्या यात्रेच्या दिवसांत पटकीची लस टोचायला रांग लागली, उन्हाने लोक कावले. एक म्हातारा ओरडला, "बाई, सुया शिजवून राह्यल्या का तुरीची दाळ?"

"आजोबा, दाळ कच्ची खाल्ली तं तुमचं पोट दुखते. सुई कच्ची टोचली तं हात पिकते. कोन्तं पाह्यजे, सांगा."

म्हातारा सावलीत जाऊन बसला. त्या गर्दीत मी पटापट टोचत सुटले, तेव्हा सिस्टरांनी हळूच माझं मनगट धरलं. "म्याडम, नाव इचारा पहिले. नाव इचारल्याबिगर सुई नाही." मी म्हटलं, बाहेर दोनशे माणसं आहेत. त्या म्हणाल्या, "दुखनं त्याईचं, घाई आपली. आपली घाई त्याईच्या दंडात नोका टोचू."

मी नावं विचारायला लागले. माझ्या तोंडून दिवसाला निघणाऱ्या शब्दांमध्ये तेवढी भर पडली.

त्या काळात पंचफुला नावाची एक मुलगी आमच्याकडे यायची. वीस-बावीस वर्षांची, बौद्धपुऱ्यातली, पदरात दोन वर्षांचं मूल. तिला टीबी होता. एक दिवसाआड इंजेक्शन आणि रोज गोळ्या. महिन्याभरात तिचा ताप उतरला, वजन वाढलं. माझ्या आयुष्यातली ती पहिली पेशंट, जी माझ्या औषधाने माझ्या डोळ्यांदेखत बरी होत होती. मी हे कुणाला सांगितलं नव्हतं, पण तिच्या कार्डावर वजनाचा आकडा लिहिताना मला फार बरं वाटायचं.

एका गुरुवारी मी तिची छाती तपासली, पाठीला स्टेथोस्कोप लावला, जीभ पाहिली. ती खोकली. मी खिडकीपाशी जाऊन साबणाने कोपरापर्यंत हात धुतले, पुसले आणि चिठ्ठी लिहिली. ती तशीच उभी होती. मी मान हलवली, म्हणजे जा. ती गेली.

शनिवारी ती आली नाही, सोमवारीही नाही. बुधवारी मी तिच्या कार्डावर लिहिलं: 'बरं वाटू लागल्यामुळे उपचार सोडला.' पुस्तकात असंच होतं. रोग्यांना बरं वाटलं की ते येणं थांबवतात, मग आजार उलटतो आणि दुसऱ्या वेळी त्याच औषधाला जुमानत नाही. तिचं मूलही तिच्याच कुशीत निजत होतं. हे सगळं मला ठाऊक होतं, आणि तरी मी ते वाक्य लिहून कार्ड मिटलं.

सिस्टरांनी कार्ड वाचलं. "हे तिनं सांगतलं?"

"नाही."

"मंग हे कोनाचं हाय?"

दुपारी त्या पायी बौद्धपुऱ्यात गेल्या. परत आल्या, पाणी प्यायल्या, माझ्यासमोरच्या स्टुलावर बसल्या.

"थे येत नाही म्हनते. माह्या हातची सुई बी नाही घेत. म्हनते, दवाखान्यात पाय नाही ठेवत."

"का पण?"

"म्हनते, डॉक्टरीनबाईनं माह्या अंगाले हात लावला अन् कोपरापर्यंत हात धुतले."

आधी मला अर्थच लागला नाही. मग लागला आणि कान तापले. मी भराभर सांगू लागले, की मी प्रत्येकानंतर धुते, पाटलांच्या सुनेनंतरही धुतले होते, तसंच शिकवलंय आम्हाला, मी तसली नाही.

"मले मालूम हाय," सिस्टर म्हणाल्या. "तुमी सगळ्याईच्या मांगून धुता. तिले कोनं सांगतलं?"

मग त्यांनी मला माझं काम समजावून सांगितलं, आणि ते मला तोवर दिसलं नव्हतं. मी एका पेशंटनंतर हात धुवायची, म्हणजे पुढच्या पेशंटच्या आधी. पण पुढचा माणूस आत यायचा तेव्हा माझे हात कोरडे झालेले असायचे. त्याच्यासाठी धुतलेले हात त्याने कधी पाहिलेच नाहीत. त्याला दिसायचं ते एवढंच, की त्याला शिवल्यावर बाई उठली आणि हात धुतले. वर तोंडातून अक्षर नाही.

"माह्या मायची नाडी वैद्य पाहे," सिस्टर म्हणाल्या, "तं मंधात फडकं ठेवे. मंग आंगनात बसून हात धुवे. मी लहान होती, पन पान्याचा आवाज अजून कानात हाय. पंचफुलाच्या सासूच्या बी कानात असन."

मी म्हटलं, "तुम्ही समजावा ना तिला. तुमचं ऐकेल."

"हात तुमचे. सांगाचं बी तुमी."

संध्याकाळी आम्ही निघालो. सिस्टरांच्या पिशवीत उकळलेल्या सिरिंजचा डबा होता. वाटेत मी मनात वाक्यं जुळवत होते, आधी इंग्रजीत, मग मराठीत. मला एक युक्ती सुचली आणि ती बोलूनही टाकली: "मी त्यांच्या घरी पाणी मागून पिते. म्हणजे त्यांना कळेल."

सिस्टर रस्त्यात थांबल्या. एवढं चिडलेलं मी त्यांना पहिल्यांदाच पाहिलं.

"पानी पेऊ नोका तिथं. लोकं येतात, आमच्या घरचं पानी पेतात, चार जनाले दाखवतात अन् जातात. तिले तुमची मेहरबानी कायले पाह्यजे? तिले सुई पाह्यजे. तुमी डॉक्टर हा, डॉक्टरचं काम करा."

दारात पंचफुलाची सासू बसली होती. मला पाहून म्हणाली, "काहून आल्या बाई? आमच्या घरी एवढं पानी नाही हात धुवाले."

सिस्टर पायरीपाशीच थांबल्या आणि दुसरीकडे बघू लागल्या. मी उभी राहिले. जुळवलेलं एकही वाक्य आठवेना. आत पंचफुला खोकली, त्या आवाजाने माझं तोंड उघडलं.

"मी हात... तुमच्यासाठी आधीच धुतलेले असतात. तुम्ही आत येण्याआधी. ते तुम्हाला दिसत नाही. मी सांगत नाही. नंतर धुते ते पुढच्या माणसाला तुमचा खोकला लागू नये म्हणून. सगळ्यांच्या नंतर धुते. पण सांगायला पाहिजे होतं. माझी चूक झाली."

एवढं सलग मराठी मी परक्यांसमोर कधी बोलले नव्हते. सासू माझ्या तोंडाकडे बघत राहिली. मग आत वळून म्हणाली, "पंचे, हे मुकी नाही व."

मी एक तांब्या पाणी मागितलं. पिशवीतला साबण काढला, उंबऱ्याबाहेर बसून हात धुतले आणि दोन्ही तळवे पंचफुलापुढे धरले, मग उलटे करून दाखवले. मला लाज वाटत होती. ती हसली नाही, पण तिने दंडावरचं पोलकं वर सारलं. मी तिचं नाव विचारलं. मला ठाऊक होतं, तरी विचारलं.

इंजेक्शन झालं, छाती तपासून झाली. आता मी हात धुणार नव्हते. तेवढं तरी मी तिच्यासाठी करावं, असं मला वाटत होतं. मी तशीच उठले. पायरीवरून सिस्टर म्हणाल्या, "हात?"

मी त्यांच्याकडे पाहिलं.

"शेजारच्या घरी बाळंतीन हाय. आठ दिसाचं लेकरू पाहाचं हाय ना?"

मी परत खाली बसले. "पंचफुलाबाई, आता बाळाला हात लावायचा आहे, म्हणून धुते."

पंचफुलाने तांब्या उचलला आणि माझ्या हातांवर पाणी ओतलं. बारीक धार, कोपरापर्यंत. सासू म्हणाली, "दोनदा धुते व ही बाई. हिच्या पायी इहीर आटन."

शुक्रवारी पंचफुला आली. तिचा नंबर अकरावा होता. त्या दिवशी खिडकीपाशी माझं भांडं नव्हतं. मी ते सकाळीच उचलून दारात, सिस्टरांच्या स्टँडशेजारी नेऊन ठेवलं होतं. सिस्टरांनी ते चार बोटं सरकवलं, येणाऱ्याच्या पायात येऊ नये म्हणून. बाकी काही नाही. कार्डावरचं ते वाक्य खोडून मी खाली लिहिलं: 'डॉक्टरच्या वागण्यामुळे सहा दिवस खंड.' ते वाचून मोठे डॉक्टर म्हणाले, असं लिहायची पद्धत नाही. सिस्टर म्हणाल्या, "राहू द्या साहेब, खरं हाय."

माझे महिने संपले तेव्हा सिस्टर मला एस.टी.वर सोडायला आल्या नाहीत. बाकावर माणसं होती. त्यांनी ओले हात वर करून दाखवले, बहुधा निरोप म्हणून. पंचफुलाचं औषध पुरं झाल्याचं सिस्टरांचं पत्र मला वर्षभराने आलं. त्यात तेवढंच होतं आणि तिचं वजन.

आता, वीस-पंचवीस वर्षांनी, मी एका मोठ्या दवाखान्यात छातीच्या रोगांच्या विभागात काम करते. गेल्या हिवाळ्यात बाहेरच्या रांगेत मला ते काटकुळे खांदे दिसले. मी उठून धावले, आत चला म्हणाले. सिस्टरांनी हातातला कागद दाखवला. "तेरावा हाय."

त्या बाराजणांना मी कसं तपासलं मला सांगता येणार नाही, पण नावं विचारून तपासलं. मग त्या आत आल्या. लुगड्यात नुसती हाडं होती. तीन महिन्यांचा खोकला होता, आणि तो कसला हे त्यांना माझ्याआधी ठाऊक होतं. मी त्यांच्यासमोर हात धुतले आणि दाखवले. त्यांनी ते नीट पाहिले, नखांसकट.

"नाव?" मी विचारलं आणि तिथेच अडखळले. इतके महिने त्यांच्याबरोबर काम केलं, त्यांचं नाव मी कधी विचारलंच नव्हतं.

"यशोदा," त्या म्हणाल्या. "यशोदा तायडे."

मी लिहिलं. छाती तपासली, पाठ तपासली, फोटो काढायची चिठ्ठी दिली, औषध किती महिने आणि कसं ते सांगितलं. त्या शहाण्या पेशंटसारख्या ऐकत होत्या. मग मी उठून भांड्याकडे गेले.

"सिस्टर, पुढच्या पेशंटला हात लावायचा आहे, म्हणून धुते."

"मालूम हाय मले," त्या म्हणाल्या. "तरी बी सांगत जा."